हातात बशी असेपर्यंत

एक जंगल होतं. फार लांब नव्हतं, आणि त्याला फार वर्षंही झालेली नाहीत. त्या जंगलाचा राजा सिंह होता. तो जन्मानं राजा नव्हता, रीतसर निवडून आला होता. त्याच्याविरुद्ध उभं राहिलेलं सांबर अर्ज मागे घ्यायला म्हणून गुहेत गेलं आणि परत आलंच नाही, त्यामुळे निवडणूक बिनविरोध झाली. बिनविरोध निवडणुकीमुळे जनावरांचा केवढा वेळ वाचतो, यावर तेव्हा एक अग्रलेखही आला होता. तो मीच लिहिला होता.

मी म्हणजे साळिंदर. आडनाव काटे. जंगलात निघणारं एकमेव वर्तमानपत्र मी चालवतो. मला लेखणी विकत घ्यावी लागत नाही, अंगावरचा एक काटा उपटला की काम झालं. माझ्या लिखाणाला धार आहे असं म्हणतात, ते त्यामुळेच. फक्त एक अडचण आहे. साळिंदराचे काटे मागच्या बाजूला असतात, आणि हल्ला करायचा तर त्याला शत्रूकडे पाठ करून मागे मागे सरकावं लागतं. त्यामुळे मी राजावर तुटून पडतो तेव्हा लांबून बघणाऱ्याला मी पळ काढतोय असं वाटतं. जवळून बघणाऱ्यालाही तसंच वाटतं.

तर या जंगलात उंबराखाली सगुणाबाई म्हशीचं चहाचं दुकान होतं. पाच बाकं, एक चूल, एक पितळी किटली आणि निळ्या काठाच्या कपबश्या. दूध घरचं होतं, याबद्दल कोणी कधी शंका घेतली नाही. सगुणाबाई आलं ठेचायला लागल्या की अर्ध्या जंगलाला जाग येई. एक चहा मागवायचा आणि तो दोघांत प्यायचा, ही तिथली पद्धत. मागवेल त्याला कप, सोबत असेल त्याला बशी. आणि उंबराच्या बुंध्यावर एक पाटी होती: ‘हातात बशी असेपर्यंत कोणी कोणाला खाऊ नये.’

हा नियम सगुणाबाईंच्या आजेसासूबाईंनी केला होता. त्यामागे काही थोर तत्त्वज्ञान नव्हतं. बशी धरायला दोन्ही हात लागतात, आणि गरम चहावर फुंकर घालणाऱ्या तोंडाला चावता येत नाही, एवढाच व्यवहार. पण पिढ्यान्‌पिढ्या पाळल्यामुळे त्याची सवय झाली आणि सवयीचा कायदा झाला. समोरच्याच्या हातात नुसती बशी दिसली तरी दातवालं जनावर आपोआप तोंड मिटू लागलं. लांडगा आणि ससा एका बाकावर बसून भांडू शकतील अशी जंगलात तेवढी एकच जागा होती.

विरोधी पक्षाचं कार्यालयही अर्थातच तिथेच. पक्षाचे अध्यक्ष बापू ससे. निवृत्त मास्तर होते. बोलायला लागले की बशीतला चहा गार होई, तरी बशी हातात तशीच. उपाध्यक्ष अण्णा लांडगे. अण्णा विरोधी पक्षात का आले, तर राजानं शिकारीत त्यांना वाटा दिला नाही म्हणून. त्यांची लोकशाहीवर श्रद्धा होती ती तेव्हापासून. आणि मी प्रवक्ता. आम्ही तिघं सकाळी एका बाकावर बसायचो आणि दुपारपर्यंत सरकार पाडायचो. दुपारी जेवायला घरी जावं लागे, म्हणून ते पुन्हा उभं राहायचं.

आमच्या पक्षाचा एक मोठा कार्यक्रम वर्षातून तीनदा होई. अधिवेशनाच्या आदल्या दिवशी राजा विरोधकांना चहापानाला बोलवायचा आणि आम्ही चहापानावर बहिष्कार टाकायचो. मी पत्रक काढायचो, बापू निषेध नोंदवायचे, अण्णा गुहेकडे पाहून एकदा गुरगुरायचे. राजवाड्यावरचा तो चहा सगुणाबाईंकडूनच जायचा. आम्ही गेलेलो नसल्यामुळे तो उरायचा, किटली परत दुकानात यायची, आणि बहिष्कार टाकलेला तोच चहा आम्ही उंबराखाली बसून प्यायचो. आयुष्यात आम्ही एवढंच एक आंदोलन शिकलो होतो, आणि ते दर वेळी यशस्वी व्हायचं.

राजाला मात्र दुकान डोळ्यांत सलत होतं. निवडणुकीआधी तो एकदा तिथे आला होता, सामान्य जनावरांत मिसळायला म्हणून. सगुणाबाईंनी त्याच्या हातात बशी दिली. दोन्ही बाजूंना दोन गुबगुबीत हरणं बसलेली. बशी संपत आली की सगुणाबाई किटली घेऊन हजर, “घ्या की आणखी थोडा.” दोन तास राजा फुंकर घालत बसला. आयाळ चहात बुडली. हरणांनी त्याला चाऱ्याच्या टंचाईबद्दल अठरा प्रश्न विचारले आणि त्याला अठराही ऐकावे लागले. उपाशी पोटी प्रश्न ऐकण्याची ही त्याची पहिली आणि शेवटची वेळ.

यंदाच्या अधिवेशनाआधी शोभामंत्र्यांनी अध्यादेश काढला. शोभामंत्री मोर होते. पिसारा फुलवून त्यांनी भाषण केलं.

“बंधूंनो आणि भगिनींनो, जुनी चहाची दुकानं हा आपला ठेवा आहे. ठेवा असा रस्त्यावर पडू द्यायचा नसतो. म्हणून आम्ही तो उचलणार आहोत. मात्र सरकार संवेदनशील आहे. पंधरा दिवस आमचा अधिकारी दुकानासमोर उभा राहील. रोज निदान दहा बश्या विसळताना दिसल्या, तर दुकान राहील. नाही दिसल्या, तर जनतेलाच ते नकोय असं समजून आम्ही जड अंतःकरणानं पुढची कार्यवाही करू.”

जड अंतःकरण मंत्र्यांनी आधीच छापून घेतलं होतं, असं नंतर कळलं.

त्याच संध्याकाळी उंबराखाली सभा भरली. सगळी बाकं भरली, काही जण उभे राहिले. सगुणाबाई चुलीपाशी होत्या. त्यांनी सरळ हिशोब मांडला.

“रोज दहाच बश्या ना? तुम्ही तिघंच सकाळच्याला दहा खराब करता. नेहमीसारखे येत राहा म्हणजे झालं.”

एवढा सोपा उपाय ऐकून आमचा अपमान झाला होता.

“बाई,” बापू समजावणीच्या सुरात म्हणाले, “नेहमीसारखं वागणं म्हणजे लढा नव्हे. जुलमी अध्यादेशाला उत्तर द्यायचं तर काहीतरी तीव्र करावं लागेल.”

“तीव्र म्हणजे काय करायचं?” अण्णांनी विचारलं.

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी प्रवक्ता. मी पाठीवरचा एक लांब काटा उपटला, डोळे मिटून क्षणभर विचार केल्यासारखं केलं, आणि पळसाच्या पानावर एकच ओळ लिहिली: ‘चहावर बहिष्कार.’

टाळ्यांचा असा कडकडाट झाला की उंबराची चार फळं खाली पडली. मला भरून आलं. आजही मला तो क्षण आठवतो, आणि आठवला की मी घरात तोंड लपवायला जागा शोधतो.

“अहो, पण तुम्ही पिणार नाही, तर बश्या विसळायच्या कुणाच्या?” सगुणाबाईंनी विचारलं.

“बाई, हे राजकारण आहे,” मी म्हणालो. “तुम्ही फक्त चहा करा.”

“कुणासाठी करू?”

याचं उत्तर द्यायच्या आत घोषणा सुरू झाल्या होत्या. घोषणाही माझीच होती: ‘घोट नाही, घोट नाही, न्यायावाचून ओठ नाही!’ दुसऱ्या अर्ध्याचा अर्थ कोणालाच लागला नाही, पण यमक जुळल्यामुळे हरकत कोणी घेतली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी अधिकारी आला. तो बगळा होता. दुकानासमोर एका पायावर उभा राहिला आणि वहीत बघू लागला. आम्ही समोर मांडव घातला आणि चहा न पिता बसलो. सगुणाबाईंनी सवयीनं आलं ठेचलं, किटली चढवली. वास मांडवात आला. बापूंच्या मिशा थरथरल्या, पण माणसानं, म्हणजे सशानं, किती मनोनिग्रह करावा याचा त्यांनी आदर्श घालून दिला. पहिल्या दिवशी बश्या शून्य. आम्ही ढोल वाजवला.

बहिष्कार शंभर टक्के यशस्वी होत होता. तिसऱ्या दिवशी सगुणाबाई किटली घेऊन स्वतः मांडवात आल्या.

“बापू, एक बशी तरी घ्या. तो बगळा बघतोय.”

“बघू दे,” बापू म्हणाले. “आमची एकजूट त्यालाही कळू दे.”

बगळ्याला ती कळली. त्यानं ती वहीत लिहून घेतली.

आता एक गोष्ट सांगायलाच हवी. चहाची सवय असलेलं जनावर चार दिवस चहावाचून राहिलं की त्याचं कपाळ ठणकू लागतं. जंगलाच्या पलीकडच्या टोकाला नव्यानंच ‘गर्जना’ नावाचं काचेचं दुकान निघालं होतं. राजाच्या भाच्याचं. तिथे एकेकट्यासाठी खुर्च्या होत्या, आणि उंच कागदी कपावर घट्ट झाकण. पाचव्या दिवशी मी आमचा ठराव पुन्हा नीट वाचला. ठरावात ‘चहा’ असा स्पष्ट शब्द होता. ‘गर्जना’त मिळतं त्याला ‘टी’ म्हणतात.

मी मागच्या दारानं आत शिरलो. कोपऱ्यातल्या खुर्चीवर एका मोठ्या कपाच्या मागून दोन लांब कान दिसत होते.

“पाहणीसाठी आलोय,” बापू म्हणाले.

“मीही,” मी म्हणालो.

पलीकडच्या खुर्चीतून अण्णा खाकरले. तेही पाहणीसाठीच आले होते. झाकणामुळे कोण काय पितंय ते दिसत नव्हतं, ही त्या दुकानाची मोठी सोय होती. आम्ही तिघं तीन खुर्च्यांवर, एकमेकांकडे पाठ करून बसलो. चव बरी नव्हती. गोडही फार होतं. पुढचे दहा दिवस आम्ही रोज पाहणी केली.

पंधराव्या दिवशी बगळ्यानं दुसरा पाय खाली ठेवला आणि अहवाल दिला: ‘विसळलेल्या बश्या: शून्य. जनतेची भावना: एकमुखी.’

सोळाव्या दिवशी अतिक्रमण विभागाची रानडुकरं आली. आल्या आल्या, जुन्या सवयीनं, त्यांनी चहा मागितला. सगुणाबाईंनी दिला. बारा रानडुकरांनी बारा बश्या घेतल्या, चहा प्यायला, आणि चांगल्या वळणाची असल्यामुळे आपापली बशी स्वतः विसळून ठेवली. हे आधीचे पंधरा दिवस झालं असतं, तर. मग त्यांनी सोंडेसारखी नाकं लावून बाकं उपटली, चूल फोडली, आणि पाटी जपून काढून नेली. पाटी हा ठेवा होता.

सगुणाबाईंनी मांडवाकडे एकदा पाहिलं फक्त. मी त्या दिवशी जळजळीत अग्रलेख लिहिला. त्यासाठी सात काटे मोडले. अग्रलेखाचं शीर्षक होतं ‘आमचा नैतिक विजय’.

सगुणाबाईंचं पुनर्वसन झालं. ‘गर्जना’च्या मागच्या बाजूला त्यांना जागा देण्यात आली, दाव्यासकट. ‘गर्जना’च्या टीमध्ये दूध अजूनही सगुणाबाईंचंच असे, पण ते कोणाला माहीत नव्हतं, आणि आलं ठेचण्यासाठी यंत्र होतं.

दुकान गेल्यावर पहिल्यांदा लक्षात आलं की आम्हाला भेटायला जागा नाही. बापू बिळातून बाहेर पडेनात. पडून जाणार कुठे? वाटेत अण्णा भेटायचे, आणि अण्णांच्या हातात बशी नसायची. एकदा अण्णाच मला म्हणाले, “काटे, परवा बापू लांबून दिसले. हाक मारणार होतो. पण मला माझाच भरवसा वाटेना.” त्यांचा आवाज खरोखर उतरला होता. चाळीस वर्षांचा शेजार होता त्यांचा, एका बाकावरचा.

आणि मग अधिवेशन आलं. राजाचं निमंत्रण आलं. यंदाचं चहापान ‘गर्जना’त होतं.

मी सवयीनं पत्रक लिहायला बसलो. बापूंनी बिळाच्या तोंडातून मला थांबवलं.

“या वेळी बहिष्कार नको, काटे.”

“का बापू?”

“बहिष्कार टाकून प्यायचं कुठे?”

मी काटा खाली ठेवला. बापू हळूच म्हणाले, “चार जण भेटतील हो. बोलणं होईल. किती दिवस झाले, मी कोणाशी मोठ्यानं बोललो नाही.” त्यांना चहाची नव्हे, बाकाची तहान लागली होती. मला ते कळलं.

चहापानाच्या सकाळी मी ‘गर्जना’च्या मागून चाललो होतो. सगुणाबाईंनी हाक मारली. इकडेतिकडे बघून त्यांनी वैरणीच्या पेंढीतून एक बशी काढली. निळ्या काठाची. एका बाजूनं टवका उडालेली.

“एवढी एक वाचली,” त्या म्हणाल्या. “आत बश्या नाहीत, काटेभाऊ. मी बघितलंय. बापू आज जाणार म्हणे. त्यांच्या हातात ही द्या. विसरू नका.”

“विसरेन कसा?” मी म्हणालो आणि बशी झोळीत टाकली. मी विसरलो नाही. विसरलो असतो तर बरं झालं असतं.

आत सगळं चकचकीत होतं. शोभामंत्री पिसारा सावरून बसले होते. परगावचे रोहित पक्षी पाहुणे म्हणून आले होते. प्रत्येकाच्या पुढे झाकणाचा कप. आणि समोरच्या भिंतीवर, सोनेरी चौकटीत, खाली छोटा दिवा लावून, सगुणाबाईंच्या दुकानाची पाटी टांगली होती: ‘हातात बशी असेपर्यंत कोणी कोणाला खाऊ नये.’

बापूंनी ती वाचली आणि त्यांचे ताठ कान सैल पडले.

“पाहिलंत काटे? पाटी ठेवलीय त्यांनी.” मग त्यांनी वेटरला विचारलं, “बाळ, बशी मिळेल का?”

“सर, आपल्याकडे बशी हा कन्सेप्ट नाही,” वेटर माकड म्हणालं. “झाकण आहे.”

बापूंनी माझ्याकडे पाहिलं. माझा हात झोळीतच होता. बोटांना टवका लागत होता. मी बशी काढणार होतो. तेवढ्यात एका रोहित पक्ष्यानं माझ्याकडे मान वळवली, इतकी नाजूक मान, आणि मला वाटलं, इथे, या लोकांत, ही फुटकी बशी? काय म्हणतील? अस्सल गावंढळ म्हणतील. जरा वेळानं काढू, भाषण झाल्यावर, कोणी बघत नसताना.

राजा उठला. “विरोधी पक्षाबद्दल मला पहिल्यापासून ओढ आहे,” तो म्हणाला. “मतभेद विसरून आज मी त्यांना सामावून घेऊ इच्छितो.”

टाळ्या झाल्या. राजा बापूंच्या खुर्चीपाशी आला आणि भिंतीकडे बोट दाखवून म्हणाला, “परंपरेचा मला आदर आहे. नियम म्हणजे नियम. कोणाच्या हातात बशी आहे का, पाहा बरं.”

सगळ्यांनी आपापले हात पाहिले. अण्णांनी कपाचं झाकण काढलं आणि परत लावलं. मी झोळीतून हात बाहेर काढला. रिकामा.

दार माझ्या पाठीशी होतं. मी सवयीप्रमाणे मागे मागे सरकत बाहेर पडलो. साळिंदर मागे सरकतं तेव्हा त्याचं तोंड समोरच असतं. म्हणजे मी पाहिलं सगळं. लिहिलं नाही, एवढंच.

मागच्या बाजूला सगुणाबाई उभ्या होत्या. दावं ताणून जितकं पुढे येता येईल तितक्या पुढे आल्या होत्या.

“दिलीत ना बापूंना?”

मी बशी त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी ती उचलून पाहिली. कोरडी होती. त्यांनी ती पाण्याच्या हौदावर नेली आणि विसळली. कोरडी, स्वच्छ बशी त्यांनी दोनदा विसळली, आणि माझ्याकडे एकदाही न बघता उपडी घातली. मला तिथे उभं राहवेना. अंगावर एवढे काटे असून मला काही कधी टोचलं नव्हतं, ते त्या दिवशी टोचलं.

दुसऱ्या दिवशी अंक काढायचाच होता. अण्णांचा शपथविधी सकाळीच झाला होता. आता ते शोभाखात्याचे राज्यमंत्री आहेत. मला भेटले तेव्हा खाली बघत म्हणाले, “बशी असती तर मी काहीतरी बोललो असतो, काटे.” मी खायला कठीण, म्हणून मला सरकारी समितीवर घेण्यात आलं आहे. समितीचं नाव ‘चहा संस्कृती संवर्धन’. बैठका ‘गर्जना’त होतात, आणि टी फुकट असतो.

मग मी पाठीवरचा शेवटचा बरा काटा उपटला आणि बातमी लिहिली. बातमीत मी एकही खोटा शब्द लिहिला नाही, याची खात्री कोणीही करून घ्यावी: ‘सरकार आता भक्कम झाले आहे. उपाध्यक्ष अण्णा लांडगे यांनी त्याला बाहेरून पाठिंबा दिला असून अध्यक्ष बापू ससे यांनी आतून दिला आहे.’